कल्हई

बाटली आधी आम्लात बुडवून ठेवायची रात्रभर,
मग धुवायची ऊर्ध्वपातित पाण्याने, चारदा.
नळाला येणाऱ्या नर्मदेतही असतं काहीबाही,
आणि आम्हाला मोजायचं असतं
फक्त तिच्यातलं तांबं.

शरयू दामोदर तांबट, वय सतरा,
कसेरा बाजार, इंदूर.
आडनाव रजिस्टरात उतरवताना
पेन जरा अडखळलं माझं.

आधी म्हणे अक्षर बिघडलं.
वेलांट्या ओळ सोडून पळू लागल्या.
कॉलेजात आळस म्हणाले, आत्या म्हणाली नजर.
मग पोह्यांची बशी सुटली हातातून,
जीरावन सगळीकडे.
डोळ्यांच्या डॉक्टरांनी चिरेएवढा उजेड टाकला
तेव्हा बुबुळाच्या काठाला दिसलं कडं,
हिरवट सोनेरी,
न घासलेल्या समईच्या बुडाशी असतं तसं.

माणसाच्या अंगात तांबं ते किती?
ज्वारीच्या दाण्याहून कमीच.
तेवढ्यावर पेशीपेशीत श्वास जळतो,
केसांना काळेपणा चढतो,
लोखंड रक्ताच्या वाटेला लागतं.
उरलेलं पित्तात नेऊन टाकणारा
एक हमाल असतो यकृतात.
शरयूचा हमाल
जन्मापासून गैरहजर.

रिपोर्ट न्यायला वडील आले.
बोटांची पेरं काळी, शर्टाला नवसागराचा वास.
मी सुरू केलं : प्रथिन, आयन, जनुक...
त्यांनी हात वर केला.
"पितळीत ताक कळकतं, तसं?"
मी म्हटलं, हो. म्हणजे, नाही.
म्हणजे, हो.
"आतली कल्हईच नाही पोरीला,"
ते भिंतीवरच्या कॅलेंडरला म्हणाले.

गोळ्या जस्ताच्या. आयुष्यभर.
जस्त आतड्याच्या अस्तराला शिकवतं मूठ वळायला,
मुठीत तांबं सापडतं,
अस्तर झडतं तेव्हा निघून जातं सोबत.
हे ऐकून थोडं हसले.
"तांब्या-जस्ताची सोयरीक आम्ही मुशीत लावतो,
पितळ होतं.
तुम्ही पोटात लावता."

घरातलं घंगाळ दुकानात गेलं,
पंचपात्रही. देव आता स्टीलमध्ये न्हातात.
तिची आई अजून म्हणते, तांब्या दे गं,
मग जीभ चावते,
मग आठवतं, हा स्टीलचाच.
आणि खाली दुकानात हातोडी थांबत नाही.
थांबून कसं चालेल?
गोळ्यांचे पैसे तांब्यातूनच निघतात.

दर तीन महिन्यांनी बाटली येते.
आकडा उतरतो, एकदा चढला,
(शेजारच्या लग्नात काजूकतली, कबूल केलं तिने)
पुन्हा उतरला.
या वेळी लेबलावर नाव तिनेच लिहिलंय.
शरयू, नीट.
दामोदर, जवळजवळ नीट.
तांबटमधला ट अजून हलतोय
गार वाऱ्यातल्या दिव्यासारखा.

नियमाने लेबल स्वच्छ हवं.
मी बदललं नाही.