गेटासची अक्षरं

गेटास हे माझं नाव नाही.
उत्तरेकडून आणलेल्या आम्हा सगळ्यांनाच इथे गेटास म्हणतात,
जसं बैलाला बैल.
थिमोक्लीसने मला घेतलं तेव्हा
दात पाहिले, बोटं वाकवून पाहिली,
नावाचं काही विचारलं नाही.

अथेन्सच्या वेशीलगत कुंभारवाडा.
इकडे चाकं फिरतात, तिकडे मढी पुरतात,
आणि माती दोघांनाही पुरते.
इथे मी पेल्यांवर माणसं काढतो:
दाढीवाले, लोडाला टेकलेले, द्राक्षाच्या दारूने जड झालेले,
बासरी फुंकणारी पोर, गाल फुगलेले,
मेजाखाली कुत्रं, हाडासकट.
रंग म्हणजे तरी काय, गाळलेल्या मातीची साय.
लालावर लाल.
काय उमटलं ते भट्टीनंतरच कळतं.

मग मालक म्हणतो, अक्षरं घाल.
गिऱ्हाइकाला अक्षरं लागतात,
गाणाऱ्याच्या तोंडातून गाणं निघालेलं दिसायला हवं.

मला कुठली येतायत अक्षरं!
पण शेजारच्यांच्या पेल्यांवर पाहिलीत:
एक तिवई,
एक गोल,
एक फणी, दात मोडलेली.
ती मी ओठांपासून सोडतो, एकामागे एक,
वारुळातून मुंग्या निघाव्यात तशी.
जागा संपली की गाणं संपलं.

थिमोक्लीसला ठाऊक आहे सगळं.
म्हणतो, पेले जातात जहाजाने तिर्रेनी लोकांकडे,
त्यांना आपली भाषा येत नाही,
ते आपल्या मेलेल्यांच्या उशाशी ठेवतात ते.
मेलेले चुका काढत नाहीत.

फिलीन्ना, त्याची धाकटी,
भावाच्या मेणपाटीवरून चोरून वाचायला शिकली.
परवा ती दारात बसली एक सुकलेला पेला घेऊन,
एकेका अक्षराखाली बोट धरून.
वाटलं, हसणार.
हसलीच.
आणि हसता हसता मोठ्याने वाचू लागली:
तो... तोइ...
तोइओ... ओइतो...

माझा कुंचला हवेतच राहिला.

इस्त्रोस नदीवरचा बर्फ सुटायला लागला की
आई घोडीला धारेसाठी अशीच बोलवायची.
अगदी अशी नाही.
शेवटी घशात एक खडा अडायचा,
तो यांच्या लिपीत नाही.

"याला काही अर्थच नाही रे," फिलीन्ना म्हणाली.
"नाही," मी म्हणालो.
"इथलं एक खरवडलं, तिथे दोन घातली,
तर होईल, मजेत पी."
मी पेला तिच्या हातातून काढून घेतला.
दासाने असं करू नये.
तिने माझ्याकडे पाहिलं, बापाला हाक मारली नाही.

भट्टी रात्रभर चालली.
पहाटे ओली लाकडं कोंबून झरोका बुजवला,
सगळं धुरात काळं झालं,
मग झरोका उघडला, आणि
जे लाल राहायचं ते परत लाल झालं.
तीन पेले तडकले होते.
त्यांचं खापर माझ्या माथ्यावर फुटलं,
कुणाचा तरी माथा लागतोच.
तो पेला मात्र धड निघाला.

पेंढ्यात गुंडाळून तो बंदराकडे गेला, त्याला आता महिना झाला.
कुठल्याशा परक्या थडग्यात, अंधारात,
एक अनोळखी दाढीवाला आडवा पडून
माझ्या आईच्या घोडीला हाका मारत असेल.
घोडी येईल असं नाही.
ती तेव्हाच म्हातारी होती,
आणि तिचं नाव मी कुणालाच सांगितलेलं नाही.

आज सहा पेले आहेत.
मालक म्हणतो, अक्षरं घाल.
घालतो.
फक्त हल्ली ओळीच्या शेवटी
बोटभर जागा कोरी सोडतो,
त्या खड्यासाठी.