चिकटू दे

उद्यमनगरातलं कास्टिंग सोमवारी मिळणार होतं.
रविवार मोकळा. अकोल्याला जाऊन येणं परवडणारं नव्हतं,
अंबाबाईचं दर्शन सकाळीच उरकलेलं.
लॉजच्या जिन्यात पुठ्ठा टांगला होता:
हंगेरीचा रस्त्यावरचा खाऊ. स्वतः करा, स्वतः खा.
तीनशे रुपये. गंगावेस, सातपुत्यांची गच्ची.
हंगेरीवरचा अनुस्वार नंतर पेनानं दिलेला.
बरं झालं दिला.

गच्चीवर आम्ही चौघं.
वैजयंता सातपुते, खाली त्यांचा मिरचीचा डंका,
भुवयांपर्यंत लाल.
हिंदुराव वस्ताद, सत्तरीचे, कान मोडलेले.
कॉलेजातली एक मुलगी, सारखी फोनवर वेळ बघणारी.
आणि मी, पंपांचे सुटे भाग विकत फिरणारा,
महिन्यातले बावीस दिवस हॉटेलची थाळी.
पीठ आजवर फक्त दळून आणलं.

शिकवणारी जोफिया. चप्पल शिवायला शिकायची म्हणून
आली इथं, त्याला सहा महिने झाले.
बोटांवर आरीचे वण, आणि मराठी अशी
की 'बसा की' म्हणाली तेव्हा
मी मागे वळून पाहिलं, कोण बोललं म्हणून.

लाँगोश, ती म्हणाली. लाँग म्हणजे जाळ.
पूर्वी पाव भाजायच्या दिवशी
उरलेलं पीठ भट्टीच्या तोंडाशी भाजायचे.
आता तळतात. तळ्याकाठी, गाड्यावर, कागदात देतात.
'रंकाळ्यावानी?' वैजयंतांनी विचारलं.
'थोडं मोठं तळं,' म्हणत तिनं हात पसरले,
ते वस्तादांच्या छातीला लागेपर्यंत पसरतच गेले.

मैदा, यीस्ट, मीठ, चिमूटभर साखर,
आणि कट्ट्यावर नुकतंच पिळलेलं म्हशीचं दूध.
वस्तादांनी पिठाला पहिल्याच फेरीत खाली घेतलं.
कळाजंग, धोबीपछाड,
परात सरकत कठड्यापर्यंत गेली.
'दमानं,' जोफिया म्हणाली,
'हे हरत नाय. नुसतं रुसतंय.'
वस्ताद थांबले. स्वतःचे हात बघितले.
मग पडलेल्या पोराला तांबड्या मातीतून उठवताना
पाठ थोपटावी, तसं थोपटलं.

माझं पीठ बोटांना चिकटलं.
ओशाळून दाखवलं तिला.
'चिकटू दे,' म्हणाली आणि पुढे गेली.
असं मला कुणी म्हटलं नव्हतं,
कशाहीबद्दल.

मग तासभर काही करायचं नाही.
परातीवर ओलं फडकं. खाली डंका बंद, रविवार.
वैजयंतांनी पापरिकाची पुडी उघडून हुंगली,
चिमूट जिभेवर ठेवली, वाट बघितली.
'येतंय का?' वस्ताद.
'नाय ओ. नुसतं कुंकू.'
जोफिया हसली नाही. म्हणाली,
आई सप्टेंबरात मिरच्यांच्या माळा ओवते,
भिंतभर, दारावर, दाभणानं.
'दाभणानं?'
'म्हणून तर चप्पल लवकर आली मला.'
वैजयंतांनी पुडी जपून बांधली,
सांडलेलं बोटानं टिपून घेतलं.

तेलात सोडलं तसं कडेनं फुगलं,
मध्ये मात्र पातळच राहिलं, खळगा पडल्यासारखं.
वर लसणाचं पाणी, आंबट साय, किसलेलं चीज.
वैजयंता खाली जाऊन कांदा-लसूण चटणी घेऊन आल्या.
विचारलं वगैरे नाही,
जोफियाच्या तुकड्यावर सरळ चमचाभर.
तिनं खाल्लं. नाक लाल. डोळ्यांना धार.
तिखटाचीच असणार.
आम्ही सगळ्यांनी तसंच धरलं.
कॉलेजातल्या मुलीनं दोन खाल्ले, तिसरा कागदात बांधला,
कुणासाठी ते सांगितलं नाही.

सोमवारी कास्टिंग मिळालं. एक भोक तिरकं.
रात्रीच्या गाडीत पाहिलं तर नखांत पीठ वाळलेलं.
घरी फोन लावला.
मैदा आहे का?
तिकडे जरा वेळ काहीच नाही.
मग, 'मैदा कायले? बरं हाय ना तुमाले?'
'हाय,' म्हणालो.
'फुगाले तासभर लागते. मंग सांगतो.'