तिसरी फळी

तिसऱ्या पाळीची बस गरवारे पॉइंटला वळते
तेव्हा मी स्वेटरच्या बाहीतून हात बाहेर काढतो
आणि मांडीवरच्या एवढ्याशा पडद्यावर
पुन्हा उभी राहते ती, कंदीलवाली.

तिचं खरं नाव आत्ता कळलं, बावीस वर्षांनी.
तेव्हा सीडीवर सगळं जपानीत,
आणि पवननगरात खैरनारांच्या दुकानात
अर्ध्या तासाचे पाच रुपये, वर कटकट :
बटणं हळू दाबा रे, बापाची आहेत का तुमच्या.

नव्यानं घासूनपुसून काढलाय खेळ.
तिला आता बोटं आहेत, पाचही, वेगवेगळी.
पूर्वी हाताचा नुसता ठोकळा होता,
तरी त्यानंच तिनं अख्खा किल्ला चढला होता.
पाणी हलतं. पायऱ्यांवरचं शेवाळ दिसतं.
आम्ही त्या तळ्याला गंगा म्हणायचो,
मेलो की वाल्मीक म्हणायचा, चल, गंगेवर पुन्हा.

फक्त धुकं काढून टाकलंय.
कळलं ते असं, की ते धुकं नव्हतंच,
यंत्राला लांबचं काढता येत नव्हतं, म्हणून झाकलेलं.
आणि आम्ही दिवाळीची सगळी सुट्टी
भांडलो होतो, पलीकडं काय आहे यावर.
मी म्हणायचो गाव. तो म्हणायचा समुद्र.
आज स्वच्छ दिसलं :
एक भिंत. नीट रंगवलेली.

मग पूल आला.
पूर्वी तिसऱ्या फळीवर खेळच चुकायचा,
फळी दिसायची, पण नसायची,
पाय टाकला की सरळ काळोखात.
हे वाल्मीकनं शोधलं, सतरा वेळा पडून,
डब्याऐवजी दिलेले पैसे घालवून,
आणि मला फुकट सांगितलं.

माझ्या अंगठ्यानं आजही तिथं उडी मारली.
गरज नव्हती. मागं जाऊन पाहिलं,
फळीवर उभं केलं तिला. भक्कम.
मी काहीच दाबेना,
तर ती कंदील या हातातून त्या हातात घेऊ लागली.

काचेवर दव. बाहेर मुंबई नाका दिसेना.
आडगावच्या प्लॉटवरून आमचं बोलणं बंद झालं
त्याला सहा वर्षं. नंबर आहे.
लिहिलं : तिसरी फळी दुरुस्त केली रे त्यांनी.

द्वारकेला उतरेपर्यंत काही नाही.
दूध घेताना खिसा थरथरला.
'मग आता पडायचं कुठून?'

दुकानदार दोनदा म्हणाला असावा,
दादा, पिशवी गळतेय तुमची.