रॉयटीबाखचा थांबा

बर्नहून आलेल्या पोराच्या हातात फळी,
फळीवर कागद, कागदावर चौकोन.
"सुविधा सांगा," म्हणतो. "आहे किंवा नाही, एवढंच."
मी वरच्या मजल्यावरची भाडेकरू,
इथल्या शेवटच्या स्टेशनमास्तरची मुलगी.
बापाच्या निजायच्या खोलीचं भाडं
दर महिन्याला रेल्वेला भरते.
लिही बाबा.

फलाट: एक.
दुसरा होता, त्यावर आता रानटी रासबेरी.
ऑगस्टमध्ये गाडी चुकली तर
कुणी फारसं हळहळत नाही.

प्रतीक्षालय: आहे. बाक एकच,
लाकूड एका टोकाला खोलगट झालेलं.
तिथे क्रेझेन्त्सिया त्सुर्फ्लू बसायची,
हिवाळाभर, दर दुपारी, टोपलीत विणकाम घेऊन.
कुठल्याच गाडीत चढायची नाही.
घरचं सरपण वाचायचं तिचं, इथली ऊब फुकट.
कुठे निघालात, असं बापाने तिला एकदाही विचारलं नाही.
उलट गाडी शिट्टी देत वळणावर आली
की खिडकीतून हळूच सांगायचा,
"बसा, तुमच्या गाडीला अजून वेळ आहे."

हीटर: नाही. काढून नेला, चौदा वर्षं झाली.

घड्याळ: आहे.
लाल काटा बारावर येऊन थबकतो,
उंबऱ्याशी चपला शोधणाऱ्या माणसासारखा,
मग मिनिट पुढे सरकतं.
लहानपणी मी तेवढ्या वेळात श्वास रोखायचे.
आता जिना चढले की तो आपोआपच रोखला जातो.

स्वच्छतागृह: कुलूप. किल्ली माझ्याकडे.
हे लिहू नकोस.

सायकली ठेवायला जागा: आठ.
त्यातली एक हिरवी, बावीस वर्षं तिथेच,
मागच्या चाकात कोळ्याचा संसार.
आल्विन म्हणाला होता, रविवारी नेतो.
हवा मी भरते, अधूनमधून.
पुढचा प्रश्न विचार.

इतिहासाला चौकोन नाही का?
मग समासात लिही, बारीक अक्षरात:
बोगदा खणायला बेर्गामोकडची माणसं आली होती,
ह्याच मालधक्क्यावर निजायची, ओळीने, पोत्यांसारखी.
एका फळीवर चाकूने कोरलंय 'बत्तिस्ता',
आणि खाली सात रेघा.
दिवस, पगार की लेकरं, कुणाला ठाऊक नाही.
आठवी रेघ अर्धी राहिली आहे.
उद्घाटनाच्या फोटोत पाद्री आहे, बँड आहे,
पट्टेवाला कुत्रासुद्धा आहे मालकासकट.
खणणारा एकही नाही.

आणि हेही, की युद्धात गावाची पाटी उतरवली,
परक्याला कळू नये आपण कुठे आहोत म्हणून.
बाप तेव्हा आठ वर्षांचा.
रात्री दिवे झाकलेल्या डब्यातून येताना
करवतीच्या भुश्याचा वास आला की लोक उठायचे,
आपापल्या पिशव्या चाचपायचे.
गिरणी गेली.
आता आंधळ्यालाच काय, डोळसालाही
रॉयटीबाख आलं हे पडद्यावर वाचावं लागतं.

पहाटे पाच वीसला दुधाचे कॅन जायचे,
त्यांचा खणखणाट हा आमचा कोंबडा.
एकदा बर्फ इतकं पडलं की तीन दिवस गाडी नाही,
बापाने तरी वेळच्या वेळी टोपी घातली,
फलाटावर उभा राहिला,
रिकाम्या रुळांना हिरवा कंदील दाखवला
आणि आत येऊन वहीत लिहिलं: उशीर.
आई हसून हसून चुलीपाशी बसली.
ती वही तुमच्याच लोकांनी नेली, एका खोक्यातून,
पोचपावती न देता.

पोरगं लिहायचं थांबलंय.
"उतार आहे का, चाकाच्या खुर्चीसाठी?"
आहे. उत्तम आहे. मागल्या वर्षीच केला,
आणि खरं सांगते, चांगला केला.
माझ्या गुडघ्यांची तुमच्यावर कृपा आहे.

वळणावर शिट्टी.
पोरगं फळी काखेत मारून फलाटाच्या कडेला उभं राहतं,
सरळ, ऐटीत, हात किंचित वर करून.
इथे गाडी विनंतीवरून थांबते.
खांबावर बटण आहे, ते दाबावं लागतं,
आणि ते त्याच्या पहिल्याच चौकोनात छापलेलं आहे.

चार डबे, पिवळ्या खिडक्या, वारा.
त्याचा एक कागद रासबेरीत उडून गेला.

"पुढची?"
तासाभराने.
ये, बस. त्या टोकाला नको, खोलगट आहे.
आणि किल्ली हवी असली, तर लाजू नकोस.