घडी

शहापुरात, खडेबाजाराच्या तोंडाशी
मी फॉल-पिको करते.
चहाच्या टपरीला लागून पत्र्याची खोली, एक मशीन, एक बल्ब,
भिंतीवर शेहेचाळीस रंगांची रिळं
आणि दोन भाषांत लिहिलेली एकच पाटी:
उधारी बंद.

निंगव्वा आली सुळेभावीच्या बसनं,
भर दुपारी, वीज गेलेली असताना.
पिशवीतून कापड काढलं. चार हात.
रंग सांगता येत नाही,
कोहळ्याच्या पिवळ्यातनं जांभळाकडे जाता जाता
मध्येच कुठंतरी विसरून बसलेला.
काठ नव्हते त्याला.
इकडं तर सगळ्यालाच काठ असतात,
रस्त्याला, शाळेला, तोंडातल्या शब्दालासुद्धा.
मी दोनदा उलटून पाहिलं.

"आमच्या मालकानं विणलं," म्हणाली.
मालक म्हणजे बसलिंग, गेल्या पौषात गेला.
"अकरा वर्षं. बाकीच्यांनी माग भंगारात घातले, किलोवर.
ह्यांनी खड्डामाग सोडला न्हाई.
उभा धागा निन्नेचा, आडवा नाळेचा,
मधी धोटा."
काल आणि उद्या, मी मनात मराठी केलं.
धोट्याचं काही करावं लागलं नाही.

"टोकं सुटूलीत बघ गे.
बसमधी चार महिने सांडले.
मोदग्यापर्यंत वेचत आले."
पदराची गाठ सोडून दाखवली:
दोरे, गुंतलेले, घामानं चिकटलेले,
त्यात एक अख्खा मार्गशीर्ष,
गुरुवारांसकट.

"पिको मार. पण मडचू नको.
घडी घालायची न्हाई."

आता चौतीस वर्षं या हातांना एकच सवय.
कापड आलं की हनुवटीखाली धरायचं,
टोकाला टोक.
घातली मी घडी.

मशीन तेच,
पण पायडल दुसऱ्याच पायाखाली,
जोडव्यांच्या, भेगांच्या,
माझ्या आईच्या.
ती माझ्यापेक्षा लहान होती.
दातात सुई, पोटात बहुतेक मी,
मापाची चिठ्ठी वाचताना ओठ हलत होते.
टपरीकडं तोंड करून तिनं कुणाला तरी हाक मारली.
मी ओ दिली.
तिनं वर बघितलं.
माझ्याकडं नाही. दाराकडं,
ढग आल्यावर बघतात तसं.

निंगव्वानं हातावर चापट मारली.
घडी मोडली.
नव्या लुगड्याची मोडतात तशी नाही,
कुंकू लावून, आरशासमोर.
चुकीचं जुळलेलं हाड
वैदू पुन्हा मोडतो, तशी.

पाणी पिऊन मी म्हटलं, मावशी,
दोन्ही टोकं एकमेकांना शिवून टाकू?
गोल होईल.
मालक त्यातच राहतील, फिरत.

ती बराच वेळ कापडाकडं बघत बसली.
वीज आली, पंखा आपोआप सुरू झाला,
आणखी एक मंगळवार फरशीवर पडला.
"नको," म्हणाली. "त्यांना गरगरतं.
बसमधी पण खिडकी लागायची."

मग एका टोकाला पिको मारलं, पक्कं, दुहेरी.
दुसऱ्या टोकाला दशा सोडल्या,
चार बोटं,
धोटा ठेवून जेवायला उठताना
त्यानं सोडल्या होत्या तेवढ्याच.

किती झाले, म्हणाली.
वीस.
"दिले की गे."

मी हसले. तरी वही उघडली.
मागच्या वर्षीचं पान, माझंच अक्षर, माझाच वाकडा णा:
निंगव्वाण्णा असं लिहून खोडलेलं,
मग निंगव्वा, सुळेभावी. चार हात. दशा सोडल्या.
वीस जमा.

खाली पेन्सिलीनं, आईच्या हातचं:
चहाचे दोन राहिले.