समक्ष

अकराची वेळ. म्हणून पहिल्या तरीने निघाले.
भरतीला धक्का बुडतो, निऱ्या गुडघ्यापर्यंत भिजल्या.
रत्नागिरी येईस्तोवर त्या वाळल्या,
मीठ तेवढं राहिलं काठाला.

बाकावर माझ्यासारखे चाळीस,
प्रत्येकाच्या मांडीवर प्लास्टिकची पिशवी.
पाच वाजता नाव पुकारलं, तेही चुकीचं.
"घवाळी," मी म्हटलं, आणि आत गेले.

साहेब म्हणाले, तुमची शाळा सुगम क्षेत्रात आहे, बाई.
भाटीवाडीला पूल आहे.
मी म्हटलं, पूल मंजूर आहे, साहेब.
खाडीत त्याचे दोन खांब आहेत,
त्यांवर पाणकावळे पंख सुकवतात.
मी आज तरीने—
"लेखी द्या."
दिलंय. तीनदा. ही पोच—
"पुढचे."

बाहेर कारकुनाने आदेश दिला,
आधीच घडी पडलेला.
'संबंधितांचे म्हणणे समक्ष ऐकून घेतले.
त्यात तथ्य आढळून आले नाही.'
खाली तारीख,
कालची.

चौथीला मी भूतकाळ शिकवते.
घडून गेलेल्या गोष्टींसाठी असतो, असं सांगते.

अंधारात हुसेनने विचारलं, "काय झाला, बाय?"
मी एकेक कागद काढून सांगत राहिले,
पूल, खांब, अर्ज, पाणकावळेसुद्धा,
तर पलीकडे लागली तरी.
इंजिन त्याने केव्हाच बंद केलं होतं.
दोर हातात धरून उभा होता,
बांधायचा राहिला होता.