सुळकऱ्यांची वही

माळ्यावर, करवंट्यांच्या गोणीमागे,
क्रशरवाल्या शेटची जुनी चलनवही सापडली.
पुढून गाडी नंबर, ब्रास, सही.
उलटी धरली की मागच्या पानापासून
हरेश्वरचं सातवीतलं अक्षर:
'सुळकरी लोक. वस्ती, आपल्या खिडकीतून दिसतो तो डोंगर.
माणसं दोनशे अकरा. एक आजारी.'

सुळकरी दार बसवत नाहीत.
पाहुण्यानं उंबऱ्याच्या जागी खोकायचं
आणि आतल्यानं कबूल करायचं की ऐकू आलं.
मूल झालं की त्याचं नाव दरीत ओरडतात,
दरी परत पाठवेल तेवढंच ठेवायचं.
म्हणून त्यांच्यात कुणी सदाशिव नाही,
सगळे शिव, इव, नुसते व.
लग्नात मुलगी डोंगर उतरत नाही,
नवरा अर्धा डोंगर चढून येतो,
उरलेला अर्धा पुढच्या भांडणांसाठी राखून ठेवतात.
उसनं मीठ फेडायचं नाही.
फेडलं तर नातं तुटलं समजायचं.

(खाली आईचा जिऱ्यामोहरीचा हिशेब.
तो त्यांचा की आमचा, ठरवता येत नाही.)

मग पान अकरा.
दुपारी एकचा भोंगा, तुर्भ्याच्या खाणीत सुरुंग.
आमच्या मांडणीतले पेले एकमेकांना लागायचे,
आई भात झाकायची.
डोंगरावर कायदा बदलला:
एक ते सव्वा जे बोललं जाईल ते धरायचं नाही.
बायकांनी ही वेळ
नवऱ्यांना खरं सांगायला घेतली.

पान सतरा. माणसं एकशे चाळीस.
पान एकोणीस. मोजणं बंद.
'मोजलं की कमी होतात.'

आणि डंपर चालवायचे आमचे बाबा.
पिवळा डंपर, काचेवर 'एकविरा आई प्रसन्न'.
सकाळी डोंगर भरायचा, दुपारी खाडीत ओतायचा.
रात्री उशीवर कानातली धूळ.
मला वाटलं, हरूनं त्यांना राक्षस केलं असणार.
ते पान उघडायला मी तीन दिवस लावले.

'यांच्यात म्हातारं गेलं तर रडत नाहीत.
खालून एक माणूस येतो. अंगाला डिझेलचा वास.
तो म्हाताऱ्यांना खाडी दाखवायला नेतो.
सुळकऱ्यांनी पाणी जवळून कधी बघितलेलं नाही.
तो घाई करत नाही.
वळणावर ब्रेक हळू दाबतो.
दिवसाला चौदा खेपा.'

हरू आता ओमानात, तिथंही क्रशरवरच, सुपरवायझर.
पानाचा फोटो पाठवला.
रात्री उशिरा अंगठा आला,
मग, 'कोणी लिहिलंय हे?'

डोंगराच्या जागी आता आभाळ आहे,
जरुरीपेक्षा थोडं जास्तच.
आम्ही सीवूड्सला, भरावावर,
साडेबारा टक्क्यांच्या प्लॉटवर उठलेल्या इमारतीत.
सोसायटीच्या मीटिंगला विषय एकच,
पार्किंगच्या लाद्या का खचतात.
सेक्रेटरी म्हणतात, बिल्डर.
वॉचमन म्हणतो, उंदीर.
मी काही बोलत नाही.
येता-जाता लिफ्टपाशी थांबून
एकदा खोकते.

बाबांना आता ऐकू कमी येतं.
काल ओरडून ओरडून सगळी वही वाचून दाखवली,
शेजारच्यांनी टीव्ही बारीक केला.
बाबा डोळे मिटून होते. वाटलं, झोपले.

'चवदा नाय गो,' म्हणाले, 'सोला.
पावसाल्यात बारा.'

मी खोडून सोळा केलं.
कुकरची शिट्टी झाली, भात झाकून आले,
तरी ते तसेच बसलेले.

'नि यो एक आजारी व्हता,
त्याचा काय झाला?'